आज्ञापत्र आणि सनद यांच्यामधली दहा वर्षे : बिशप विल्यम एल्फिन्स्टन आणि ॲबर्डीनचे विद्यापीठ

पोप सहावा अलेक्झांडर याने १० फेब्रुवारी १४९५ रोजी स्कॉटलंडच्या ईशान्य किनाऱ्यावरील ॲबर्डीन येथे विद्यापीठ स्थापन करण्याची अनुज्ञा देणारे आज्ञापत्र काढले. धर्मशास्त्र, चर्चचा कायदा, रोमन दिवाणी कायदा, वैद्यक आणि सामान्य विद्या (आर्ट्स) असे पाचही विषय शिकवण्याचा आणि पदव्या देण्याचा अधिकार त्यात एकदमच मिळाला होता. असे असूनही त्या विद्यापीठाचा गाभा ठरलेल्या कॉलेजची रीतसर सनद १५०५ मध्ये, म्हणजे तब्बल दहा वर्षांनी झाली. या दोन्ही कागदांमागे ॲबर्डीनचे बिशप विल्यम एल्फिन्स्टन हे एकच गृहस्थ होते. आज्ञापत्र आले तेव्हा त्यांनी साठी ओलांडलेली होती, राजा चौथा जेम्स याचा त्यांच्यावर पूर्ण विश्वास होता आणि राज्याची प्रिव्ही सील, म्हणजे राजाच्या आज्ञांवर उठवायची मुद्रा, त्यांच्याच ताब्यात होती. आयुष्याची फार वर्षे उरलेली नसताना आणि सत्ता हाताशी असताना अशा माणसाने दहा वर्षे का घेतली, हा या प्रकरणाचा मुख्य प्रश्न आहे. त्या दहा वर्षांना विलंब म्हणणे मला चुकीचे वाटते. विद्यापीठ उभारण्याचे खरे काम त्याच वर्षांत झाले आणि ते कोणत्या क्रमाने झाले हे पाहिले, की एल्फिन्स्टन यांच्या बुद्धीची जात कळते.

मराठी वाचकाला एल्फिन्स्टन हे आडनाव परके नाही. १८१९ ते १८२७ या काळात मुंबईचे गव्हर्नर असलेले माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन हे स्कॉटलंडमधील अकराव्या लॉर्ड एल्फिन्स्टन यांचे पुत्र होते, आणि पंधराव्या शतकातील हे बिशप त्याच कुळाच्या एका शाखेशी नाते सांगणारे होते. दोघांमध्ये साडेतीन शतकांचे अंतर असल्याने थेट वारसा वगैरे सांगण्यात अर्थ नाही. एक साम्य मात्र या अभ्यासाच्या दृष्टीने नोंदवण्यासारखे आहे. माउंटस्टुअर्ट मुंबई सोडून निघाले तेव्हा शहरातील नागरिकांनी त्यांच्या स्मरणार्थ जी वर्गणी जमवली ती प्राध्यापकांच्या पगारासाठी होती, आणि प्राध्यापक प्रत्यक्ष येईपर्यंत आणखी काही वर्षे गेली. आधी पगाराची तजवीज आणि मग शिकवणे, हा क्रम बिशप एल्फिन्स्टन यांनी ॲबर्डीनमध्ये पाळला होता. तो त्यांना सुचला कुठून, हे समजण्यासाठी त्यांच्या ग्लासगोतील वर्षांकडे जावे लागते.

ग्लासगोत जे पाहिले

विल्यम यांचा जन्म १४३१ च्या सुमारास ग्लासगोत झाला. वडिलांचे नावही विल्यमच होते आणि ते स्वतः चर्चच्या सेवेतले होते. धर्मगुरूंना विवाहाची मुभा नसल्याने मुलाचा जन्म अनौरस ठरला. अनौरस मुलाला दीक्षा घेऊन चर्चमधील पदे स्वीकारायची असतील तर पोपची खास परवानगी लागत असे, आणि ती विल्यम यांना घ्यावी लागली. पुढे राज्यातील सर्वोच्च पदांपर्यंत पोहोचलेल्या या माणसाला आपल्या हक्काची प्रत्येक पायरी कागदाने सिद्ध करून चढावी लागली होती, हे विसरता कामा नये. सनदा, दस्तऐवज आणि शिक्के यांच्याविषयी त्यांना जन्मभर जी आस्था वाटली तिचे मूळ मला काही अंशी इथे दिसते.

वडील आजच्या बेल्जियममधील लुव्हेन येथे कायदा शिकून आले होते, आणि १४५१ मध्ये बिशप विल्यम टर्नबुल यांच्या पुढाकाराने ग्लासगो विद्यापीठ स्थापन झाले तेव्हा तिथल्या सामान्य विद्याशाखेचे पहिले डीन झाले. मुलगा त्याच विद्यापीठात शिकला आणि १४६२ मध्ये एम.ए. झाला. काही काळ त्याने चर्चच्या न्यायालयांत वकिली केली. मग तिशी उलटल्यावर तो पॅरिसला चर्चचा कायदा शिकायला गेला, तिथे शिकवूही लागला, आणि पुढे फ्रान्समधल्याच ओर्लेआँ येथे रोमन दिवाणी कायद्याचा अभ्यास करून १४७०-७१ च्या सुमारास मायदेशी परतला. पिता-पुत्रांनी परदेशात उतरवून घेतलेल्या व्याख्यानांच्या हस्तलिखित वह्या आजही ॲबर्डीन विद्यापीठाच्या ग्रंथालयात आहेत. कायदा शिकायचा तर समुद्र ओलांडून जायचे, ही एका घराण्यातील सलग दोन पिढ्यांची अडचण त्या वह्यांत दिसते.

परतल्यावर एल्फिन्स्टन ग्लासगोत डीन झाले आणि १४७४ मध्ये रेक्टरही झाले. म्हणजे ते विद्यापीठ त्यांनी विद्यार्थी, अध्यापक आणि प्रशासक या तिन्ही नात्यांनी आतून पाहिले होते. ग्लासगोकडे पोपचे आज्ञापत्र होते, बिशपचा आशीर्वाद होता, लॉर्ड हॅमिल्टन या सरदारांनी १४६० मध्ये दिलेली एक जागाही होती. नव्हते ते शिकवणाऱ्यांसाठी निश्चित उत्पन्न. अध्यापक विद्यार्थ्यांच्या शुल्कावर आणि चर्चमधील आपापल्या वतनांवर गुजराण करत असत. चांगले वतन मिळाले की माणूस निघून जाई आणि त्याच्याबरोबर त्याचा विषयही जाई. वरच्या विद्याशाखांना, विशेषतः कायदा आणि वैद्यक यांना, या व्यवस्थेत मूळ धरता आले नाही. सेंट अँड्र्यूज आणि ग्लासगो अशी दोन विद्यापीठे देशात असताना कायदा शिकायला लुव्हेन नाहीतर ओर्लेआँ गाठावे लागत होते, याचे कारण हेच होते.

यापुढच्या काळाचा आढावा थोडक्यात घेता येतो, कारण त्या काळात ते शिक्षणापेक्षा राज्यकारभारात अधिक गुंतलेले होते. चर्चच्या न्यायालयात आधी ग्लासगो आणि मग लोदियन येथे ते न्यायाधीश झाले, राजाच्या वतीने फ्रान्सला आणि इंग्लंडला वकिलातीवर गेले, १४८१ मध्ये रॉस येथील बिशपपदासाठी त्यांची नेमणूक झाली आणि १४८३ मध्ये ॲबर्डीनला बदली झाली. १४८८ च्या आरंभी ते राज्याचे चान्सलर, म्हणजे राजाचे सर्वोच्च मंत्री झाले. पण त्याच वर्षी ११ जूनला सॉकीबर्नच्या लढाईत राजा तिसरा जेम्स मारला गेला आणि त्याच्या बाजूचे म्हणून एल्फिन्स्टन यांचे पद गेले. बंडखोरांच्या बाजूने उभ्या असलेल्या राजपुत्राला, म्हणजे चौथ्या जेम्सला, त्यांची गरज भासायला फार वेळ लागला नाही. १४९२ मध्ये प्रिव्ही सील त्यांच्याकडे आली आणि मरेपर्यंत राहिली.

उत्तरेचे वर्णन आणि उत्तरेची गरज

विद्यापीठासाठी पोपकडे राजाच्या नावाने जो अर्ज गेला त्यातील उत्तर स्कॉटलंडचे वर्णन आज वाचताना खटकते. समुद्राच्या खाड्या आणि उंच डोंगर यांनी तोडलेल्या या प्रदेशातील माणसे अडाणी, अक्षरशत्रू आणि जवळजवळ रानटी आहेत, अशा आशयाचे शब्द त्यात आहेत. ते वर्णन जसेच्या तसे खरे मानण्याचे कारण नाही. गेलिक भाषकांची स्वतःची कवींची, वैद्यांची आणि न्यायनिवाडा करणाऱ्यांची घराणी त्याच डोंगरांत आणि बेटांवर पिढ्यान्‌पिढ्या नांदत होती. रोमच्या दरबारात अर्ज मंजूर करून घ्यायचा तर अभाव ठळकपणे मांडावा लागतो, हे एका मुरलेल्या वकिलाला पक्के ठाऊक असणार. तरीही दक्षिणेतील लॅटिन शिकलेल्या राज्यकर्त्यांची उत्तरेकडे पाहण्याची नजर त्या शब्दांत उतरली आहे आणि एल्फिन्स्टन त्या नजरेपासून मुक्त होते असे मी म्हणणार नाही.

अर्जामागची राजकीय निकड मात्र खरी होती. पश्चिमेच्या बेटांवर जवळजवळ स्वतंत्रपणे राज्य करणारी ‘लॉर्डशिप ऑफ द आयल्स’ १४९३ मध्ये राजाने जप्त केली होती, आणि त्यानंतरच्या दोन वर्षांत चौथा जेम्स स्वतः जहाजे घेऊन त्या किनाऱ्यावर जाऊन आला होता. प्रदेश ताब्यात घेणे एक आणि तिथे रोजचा न्याय देणे दुसरे. त्यासाठी कायदा समजणारी माणसे त्या भागातच तयार व्हायला हवी होती. १४९६ मध्ये स्कॉटिश संसदेने केलेला शिक्षणाचा कायदा याच विचारातून आला आणि त्याचे श्रेय सामान्यतः एल्फिन्स्टन यांना दिले जाते. ऐपतदार सरदार आणि जमीनदार यांनी आपल्या थोरल्या मुलांना आठव्या-नवव्या वर्षी शाळेत घालावे, लॅटिन पक्के होईपर्यंत तिथे ठेवावे आणि त्यानंतर तीन वर्षे सामान्य विद्या व कायदा शिकवावा. न केल्यास २० पौंड दंड भरावा, असा तो कायदा होता. कायद्यात दिलेले कारण फार मोलाचे आहे. पुढे हीच मुले आपापल्या भागात शेरीफ, म्हणजे राजाचे स्थानिक न्याय-अधिकारी, आणि न्यायाधीश होणार, त्यांना कायदा कळला तर गरिबांना लहानसहान अन्यायासाठी राजाच्या वरिष्ठ न्यायसभेपर्यंत धाव घ्यावी लागणार नाही. वर्षानुवर्षे त्या न्यायसभेत बसून दूरदूरच्या गाऱ्हाण्यांचे निवाडे केलेल्या माणसाचा हा अनुभव आहे. विद्यापीठाचे आज्ञापत्र आणि हा कायदा यांच्यात जेमतेम दीड वर्षाचे अंतर आहे, आणि ते दोन्ही एकाच योजनेचे भाग म्हणून वाचले तरच नीट समजतात.

दहा वर्षांत काय झाले

पहिला निर्णय जागेचा होता. ॲबर्डीन म्हणजे त्या वेळी दोन वेगवेगळ्या वस्त्या होत्या. डी नदीच्या मुखाशी व्यापाऱ्यांचे भरभराटलेले बंदर होते, आणि तिथून दोनेक किलोमीटर उत्तरेला, डॉन नदीजवळ, सेंट मॅकर कॅथेड्रलभोवती बिशपची लहानशी वस्ती होती, जिला आज जुने ॲबर्डीन म्हणतात. एल्फिन्स्टन यांनी या लहान वस्तीला १४८९ मध्येच राजाकडून स्वतंत्र नगराचा दर्जा मिळवून दिला होता. विद्यापीठ तिथे बसवल्याने जमीन, न्यायाधिकार आणि देखरेख तिन्ही गोष्टी बिशपच्या हातात राहिल्या आणि बंदरातल्या व्यापारी मंडळींशी प्रत्येक बाबतीत वाटाघाट करण्याची वेळ आली नाही.

दुसरे काम उत्पन्नाचे होते, आणि माझ्या मते दहा वर्षांतला सर्वांत मोठा वाटा यानेच घेतला. मध्ययुगीन चर्चमध्ये स्थानिक चर्चच्या हद्दीतील शेतकऱ्याने पिकाचा दहावा हिस्सा, म्हणजे दशमांश, त्या चर्चला द्यायचा असे. हे उत्पन्न कायदेशीर मार्गाने एखाद्या मठाला, कॅथेड्रलला किंवा कॉलेजला कायमचे जोडून देता येत असे. मग ती संस्था दशमांश घेई आणि गावात कामचलाऊ पगारावर एक दुय्यम धर्मगुरू ठेवी. एल्फिन्स्टन यांनी एकेक करून अशी उत्पन्ने गोळा केली. समुद्रकाठचे स्लेन्स आणि डी नदीच्या खोऱ्यातले ग्लेनमिक ही त्यातली दोन चर्च. शिवाय दक्षिणेकडील लोदियन प्रांतातले सेंट जर्मेन्स येथील जुने धर्मादाय रुग्णालय, ज्याची मालमत्ता राजाने कॉलेजकडे वळवली. प्रत्येक उत्पन्नासाठी राजाची संमती, पोपची मंजुरी आणि आधीच्या लाभार्थ्याचा हक्क या तिन्हींचा निकाल लावावा लागत असे. एकही धागा सुटला तर पुढच्या पिढीत कोणीतरी रोमला अपील करून ते उत्पन्न परत काढून घेऊ शकला असता. एल्फिन्स्टन स्वतः तीस वर्षे असल्याच दाव्यांत वकील आणि न्यायाधीश होते. दस्तऐवज कुठे फाटतो हे त्यांना माहीत होते, म्हणून तो कुठे दुहेरी शिवायचा हेही कळत होते.

(जाता जाता एक दुवा सांगण्याचा मोह आवरत नाही. ज्या ग्लेनमिकच्या दशमांशावर हे कॉलेज काही अंशी पोसले गेले, त्याच ग्लेनमिकच्या परिसरातील बॅलेटर गावात १८५४ मध्ये पॅट्रिक गेडीस जन्मले. हेच गेडीस १९१९ मध्ये मुंबई विद्यापीठात समाजशास्त्राचे पहिले प्राध्यापक झाले.)

तिसरे काम बांधकामाचे. बिशपचे नेदरलँड्समधील खाते अँड्र्यू हॅलिबर्टन नावाच्या स्कॉटिश व्यापारी प्रतिनिधीकडे होते आणि त्याची खातेवही सुदैवाने टिकली आहे. ॲबर्डीनच्या बिशपकडून लोकर आणि सामन मासा जहाजाने जातो, तिकडे विकला जातो आणि त्या पैशांतून गाड्या, एकचाकी ढकलगाड्या आणि सुरुंगाची दारू परत येते, असा व्यवहार तिच्यात दिसतो. दगड फोडून वाहून आणण्याची ही तयारी होती. विद्यापीठाच्या स्थापनेविषयी जे भारदस्त लॅटिन लेखन आहे त्याहून मला ही कोरडी जमाखर्चाची पाने अधिक हलवून जातात. सत्तरीकडे झुकलेला एक धर्मगुरू माशांच्या पिंपांचे ढकलगाड्यांत रूपांतर करत होता, हे त्यांत स्वच्छ वाचता येते.

चॅपलच्या पश्चिम भिंतीवरील शिलालेखानुसार गवंड्यांनी २ एप्रिल १५०० रोजी कामाला आरंभ केला. शलमोनाने जेरुसलेमच्या मंदिराचा पाया याच तिथीला घातला, अशी मध्ययुगीन समजूत होती आणि दिवस तिच्यामुळेच निवडला गेला असावा. चॅपलच्या मनोऱ्यावर दगडी कमानींचा जो मुकुट आहे तो वरून मिटलेला, म्हणजे सम्राटाच्या मुकुटाच्या घाटाचा आहे. स्कॉटलंडचा राजा आपल्या राज्यात कोणाचाही मांडलिक नाही, हे १४६९ च्या संसदेने कायद्याच्या भाषेत म्हटले होते. बिशपनी ते दगडात म्हटले. १६३३ च्या वादळात तो मुकुट कोसळला, पण लगेच पुन्हा उभारला गेला.

चौथे काम माणसांचे. प्राचार्य म्हणून त्यांनी पॅरिसच्या मोंतेग्यू कॉलेजात शिकवणाऱ्या हेक्टर बोइस यांना बोलावले. मूळचे डंडी गावचे बोइस तेव्हा तिशीच्या आसपासचे होते आणि इरॅस्मससारखा विद्वान त्यांच्या मित्रांत होता. पॅरिस सोडून उत्तर समुद्राच्या काठावरील नव्या, अर्धवट बांधलेल्या संस्थेत येण्यासाठी त्यांना मिळाले काय, तर वर्षाला ४० मर्क, राहण्याची सोय आणि जेवण. मर्क म्हणजे स्कॉटिश पौंडाचे दोन तृतीयांश. रक्कम मोठी नव्हती. ती दरवर्षी ठरलेल्या उत्पन्नातून हमखास मिळणार होती, हे तिचे मोल होते. त्यांच्याबरोबर त्यांचे सहाध्यायी विल्यम हे (Hay) उपप्राचार्य म्हणून आले, आणि व्याकरण शिकवायला पुढे जॉन व्हॉस आले.

या सगळ्यानंतर १५०५ ची सनद झाली, आणि म्हणूनच ती इतकी नेमकी आहे. तिच्यात ३६ जणांची तरतूद आहे. धर्मशास्त्राचे आचार्य असलेले प्राचार्य, चर्चच्या कायद्याचे, दिवाणी कायद्याचे आणि वैद्यकाचे एकेक आचार्य, उपप्राचार्य आणि व्याकरणाचे अध्यापक हे सहा. धर्मशास्त्राचा पुढचा अभ्यास करता करता खालच्या वर्गांना शिकवणारे पाच. चॅपलमध्ये उपासना चालवणारे आठ धर्मगुरू आणि गाणारी चार मुले. आणि तेरा गरीब विद्यार्थी, ज्यांचा खर्च कॉलेजने करायचा. कोणाला किती वर्षासन, ते कोणत्या उत्पन्नातून, कोणती कर्तव्ये चुकली तर काय आणि कॉलेजची तपासणी कोणी करायची, हे सर्व लिहिलेले आहे. वैद्यकाच्या अध्यापकाला कायमचे वेतन लावून देण्याची ही पद्धत ब्रिटनमधील विद्यापीठांत सर्वांत जुनी मानली जाते. कॉलेज कुमारी मरियेला अर्पण केलेले होते. राजाच्या आश्रयामुळे लोक त्याला किंग्ज कॉलेज म्हणू लागले आणि तेच नाव राहिले.

या योजनेची किंमत कोणी दिली

प्रकरण इथवर वाचून एल्फिन्स्टन यांची पद्धत निर्दोष वाटू शकते. ती तशी नव्हती. स्लेन्सच्या किंवा ग्लेनमिकच्या शेतकऱ्याने दिलेले धान्य आता ॲबर्डीनच्या भोजनगृहात जात होते आणि त्याच्या गावात उरला होता तुटपुंज्या पगारावरचा दुय्यम धर्मगुरू. एकट्या एल्फिन्स्टन यांनी हे केले नाही. मठ, कॅथेड्रल, कॉलेजे सगळीच शतकानुशतके हे करत आली होती आणि सोळाव्या शतकाच्या मध्यापर्यंत स्कॉटलंडमधील दहापैकी आठांहून अधिक स्थानिक चर्चांचे उत्पन्न अशा रीतीने दुसरीकडे वळलेले होते. १५६० च्या प्रोटेस्टंट धर्मक्रांतीत जुन्या कॅथलिक चर्चची सत्ता उलथून पडली तेव्हा गावोगावच्या ओस देवळांविषयीचा आणि अशिक्षित धर्मगुरूंविषयीचा राग हे त्याचे एक मोठे कारण होते. ज्या व्यवस्थेतून एल्फिन्स्टन यांनी आपले विद्यापीठ मजबूत केले तिनेच त्यांच्या चर्चचा पाया पोखरला. तेरा गरीब मुलांचा खर्च चालवणारी सनद मला मनापासून आदरणीय वाटते, पण ती वाचताना ग्लेनमिकच्या शेतकऱ्याला हिशोबातून वगळता येत नाही.

त्यांच्या सगळ्याच योजना फळल्या असेही नाही. १५०७ मध्ये राजाने एडिंबरोचे व्यापारी वॉल्टर चेपमन आणि पुस्तकविक्रेते अँड्र्यू मायलर यांना स्कॉटलंडमधील पहिल्या छापखान्याची परवानगी दिली. तिच्यामागचा एक हेतू इंग्लंडमधील सॉल्झबरीच्या पद्धतीची प्रार्थनापुस्तके देशात येणे थांबवून स्वतःची पुस्तके छापणे हा होता. एल्फिन्स्टन यांनी वर्षानुवर्षे स्थानिक संतांच्या कथा जमवल्या होत्या. सत्तरहून अधिक स्कॉटिश संतांचा समावेश असलेली ‘ॲबर्डीन ब्रेव्हियरी’, म्हणजे धर्मगुरूंच्या रोजच्या प्रार्थनांचे पुस्तक, १५१० मध्ये दोन खंडांत निघाली. पण त्यानंतर तो छापखाना बंद पडला, पुस्तक देशभर रुजले नाही, पन्नास वर्षांत ती उपासनापद्धतीच बेकायदेशीर ठरली आणि आज त्याच्या हाताच्या बोटांवर मोजता येतील एवढ्याच प्रती उरल्या आहेत. ज्या गावांच्या संतांची नावे अन्यत्र कुठेच लिहिलेली नव्हती, त्यांची ओळख मात्र त्या थोड्या प्रतींमुळेच राहिली आहे.

फ्लॉडननंतर

१५१३ मध्ये चौथ्या जेम्सने फ्रान्सशी असलेल्या करारापायी इंग्लंडवर स्वारी करायचे ठरवले तेव्हा एल्फिन्स्टन यांनी दरबारात विरोध केला. कोणी ऐकले नाही. ९ सप्टेंबरला फ्लॉडन येथे राजा पडला आणि त्याच्याबरोबर राज्यातील सरदारांची जवळजवळ एक पिढी पडली. राजाचा अनौरस पुत्र आणि सेंट अँड्र्यूजचा तरुण आर्चबिशप अलेक्झांडर स्ट्युअर्टही त्यांत होता. त्याच्या रिकाम्या जागेसाठी राजाची विधवा राणी मार्गारेट हिने एल्फिन्स्टन यांचे नाव सुचवले. त्या पदाचा निर्णय लागण्याआधीच, २५ ऑक्टोबर १५१४ रोजी, एडिंबरो येथे त्यांचे निधन झाले. राजकाजाच्या धामधुमीत तिथे असताना मृत्यू आला आणि देह ॲबर्डीनला आणून चॅपलच्या मुख्य वेदीसमोर पुरण्यात आला.

त्या शेवटच्या वर्षात त्यांनी कॉलेजच्या सनदेची सुधारित प्रत तयार केली होती. दहा वर्षांच्या अनुभवाने कुठे कमी पडते हे कळल्यावर ३६ ची संख्या ४२ करण्याची आणि नियम अधिक काटेकोर करण्याची तरतूद तिच्यात होती. पण ती अमलात आली १५२९ मध्ये, बिशप गॅव्हिन डनबार यांच्या हस्ते. पंधरा वर्षे ती पडून राहिली, मधला बिशप आला आणि गेला, आणि तरीही कॉलेज १५०५ च्या सनदेवर चालत राहिले. संस्थापक गेल्यावर एखादी संस्था चालते की नाही याची परीक्षा या पंधरा वर्षांत झाली.

दुसरी परीक्षा अधिक कठीण होती. १५६० च्या धर्मक्रांतीत दक्षिणेकडून आलेल्या जमावाने ॲबर्डीनच्या धर्मस्थळांची मोडतोड केली; कॉलेजचे त्या वेळचे प्राचार्य अलेक्झांडर अँडरसन यांनी त्यांना दारात अडवून इमारत वाचवली असे सांगितले जाते. चॅपलमधील कोरीव लाकडी आसने आणि पडदी आज जागच्या जागी आहेत आणि स्कॉटलंडमधील मध्ययुगीन चर्चच्या लाकडी कामाचा इतका पूर्ण नमुना दुसरीकडे कुठेही नाही. खुद्द अँडरसन यांना जुना धर्म न सोडल्याबद्दल १५६९ मध्ये पद सोडावे लागले.

या काळाची ग्लासगोशी तुलना केली की प्रकरणाचा निकाल स्पष्ट होतो, जरी तो दिमाखदार नसला तरी. स्कॉटलंडच्या राणी मेरीबरोबर १५६२ मध्ये ॲबर्डीनला गेलेल्या इंग्लंडच्या राजदूताने इथे एक कॉलेज असून पंधरा-सोळा विद्यार्थी आहेत असे कळवले. आकडा केविलवाणा आहे खरा, पण सनदेतल्या तेरा गरीब विद्यार्थ्यांच्या जवळपास जाणारा आहे. शुल्क देणारे विद्यार्थी पांगले, तरी ज्यांचा खर्च दस्तऐवजाने बांधलेला होता ते राहिले, असा त्याचा अर्थ मी लावतो. पुढच्याच वर्षी, १५६३ मध्ये, राणीने ग्लासगोसाठी काढलेल्या सनदेत तिथल्या इमारती अर्धवट पडलेल्या, गरीब विद्यार्थ्यांची तरतूद बंद झालेली आणि एकूण अवस्था विद्यापीठापेक्षा त्याच्या अवशेषासारखी असल्याचे म्हटले आहे. १५७४ मध्ये अँड्र्यू मेलव्हिल प्राचार्य म्हणून येऊन सारे नव्याने बांधेपर्यंत ग्लासगो सावरले नाही.

एल्फिन्स्टन यांच्या थडग्यावरील मूळ धातूची प्रतिमा आणि सजावट धर्मक्रांतीच्या काळात गेली. चॅपलमध्ये उरली आहे ती काळ्या दगडाची साधी शिळा. विसाव्या शतकात कांस्याचे एक मोठे स्मारक घडवण्यात आले, ते चॅपलच्या बाहेर उभे आहे. शहराच्या दक्षिणेला त्यांचे आणखी एक काम आहे. डी नदीवर पूल व्हावा म्हणून त्यांनी मरण्यापूर्वी पैसे बाजूला ठेवले होते. गॅव्हिन डनबार यांनी त्यात भर घालून १५२७ मध्ये सात कमानींचा पूल पुरा केला. १८४१-४२ मध्ये तो रुंद करण्यात आला आणि दक्षिणेकडून ॲबर्डीनमध्ये येणारी वाहने अजून त्यावरून जातात.